४३ इंची टीव्ही आणि आबांचा जज्ज

टीव्ही घेऊन वर्ष होत आलं, आता लिहायला हरकत नाही. कोल्हापुरात राजारामपुरीतून घेतला, ४३ इंची. तक्रारी आहेत म्हणून कंपनीचं नाव टाळतो. घेतला तो आबांसाठी. आबा कोर्टात बेलिफ होते, म्हणजे कोर्टाचे हुकूम, जप्त्या बजावणारे; आता दोन्ही कानांनी कमी ऐकू येतं.

चित्र चांगलं, आवाज रद्दड. स्पीकर मागच्या बाजूला आहेत, त्यामुळं आवाज आधी भिंतीला ऐकू जातो. बसवायला आलेल्या पोरानं भिंतीला चार भोकं जादा पाडली, ती कॅलेंडरखाली झाकलीत.

तरी परत केला नाही, कारण यूट्यूबवरचं इंग्रजी बोलणं खाली मराठीत उमटतं. ही करामत टीव्हीची नव्हे, यूट्यूबची. पण मोबाइलवर अक्षरं मुंगीएवढी दिसायची, इथं ती मोठी करता येतात. त्यावर आबांना फ्रँक कॅप्रिओ सापडले. अमेरिकेत ऱ्होड आयलंड राज्यात प्रॉव्हिडन्स शहर आहे, तिथल्या म्युनिसिपल कोर्टाचे हे मुख्य जज्ज, १९८५ ते २०२३. खून-दरोडे नाहीत, सिग्नल तोडला, नको तिथं गाडी लावली, असल्या केसेस, आणि त्यांचं चित्रण यूट्यूबवर.

भाषांतराचे मात्र हाल. तिकडं दंडाच्या पावतीलाही 'टिकेट' म्हणतात. खाली आलं, 'तुम्हाला दोन तिकिटे मिळाली आहेत.' आबा म्हणाले, "आरं, केएमटीच्या बशीत तिकीट न काढणाऱ्याला दंड करत्यात. ह्यो काढलेल्याला करतोय!" एकदा ९६ वर्षांचे आजोबा उभे होते, शाळेजवळ गाडी जोरात हाणली म्हणून. कॅन्सर झालेल्या ६३ वर्षांच्या मुलाला रक्त तपासायला नेत होते. कॅप्रिओंनी केस काढून टाकली आणि अक्षरं आली, 'बडतर्फ'. "ह्या वयात नोकरीला हुतं व्हय म्हातारं?" मी सांगितलं, आबा, केस डिसमिस झाली. मग कुठं जीव खाली पडला.

कॅप्रिओंचे वडील इटलीहून आलेले. फळं विकायचे, घरोघर दूध घालायचे. मुलगा दिवसा हायस्कुलात शिकवून रात्री बोस्टनला वकिली शिकला. दूध घालणाऱ्याचं पोर म्हटल्यावर आबा सरसावून बसले. कॅप्रिओ सांगतात, जज्ज म्हणून पहिल्याच दिवशी वडील कोर्टात येऊन बसले होते. यांनी एका बाईला कडक दंड केला. वडील नंतर म्हणाले, ती घाबरली होती रे, आज तिच्या पोरांच्या पोटात काही जाणार नाही. तेवढा तुकडा आबांनी मला तीनदा लावायला लावला.

मग स्वतःच बोलू लागले. गडहिंग्लजकडं जप्तीला गेले होते, चपला शिवणाऱ्याच्या घरी. वादी म्हणत होता, त्याची हत्यारं उचला. दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ६० आबांना अजून पाठ आहे : अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण, कारागिराची हत्यारं जप्त होत नाहीत. नाही उचलली. "जज्जाला दंड सोडता येतो. बेलिफानं काय करायचं? मी दाराबाहेर उभा राहून आधी चांगला खोकायचो." पुढं काय व्हायचं ते आबांनी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. कोर्टात कॅमेरा मात्र त्यांना अजून पटत नाही. "गरिबाचं तोंड जगाला कशाला दावायचं?" म्हणतात, आणि पुढचा व्हिडिओ लाव म्हणतात.

१८ ऑगस्ट २०२५ ला सीपीआर दवाखान्याजवळच्या जुन्या कोर्टात मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच, म्हणजे मुंबईबाहेर बसणारं खंडपीठ, सुरू झालं. आबा रिक्षा करून बाहेरून बघून आले. दोनच दिवसांनी कॅप्रिओ गेले, वय ८८, स्वादुपिंडाचा कॅन्सर. त्या रात्री आबांनी टीव्ही लावू दिला नाही.

घेणाऱ्यांनी एवढं बघा : मागं हेडफोनचं भोक आहे का? आमच्या टीव्हीला नाही. ब्लूटूथवर आवाज ओठांच्या मागून येतो, आणि आबा म्हणतात, साक्षीदार पढवून आणल्यासारखा वाटतोय.