पटकथा ढापली गेली असं वाटतंय? प्रदर्शनावर स्टे मागायचा की श्रेय आणि भरपाईसाठी भांडायचं

ट्रेलरमध्ये आपल्याच पटकथेतले प्रसंग दिसले की लेखक वकिलाला पहिल्यांदा म्हणतो, "आधी प्रदर्शन थांबवा." स्टे, म्हणजे प्रदर्शन रोखणारा तात्पुरता मनाई हुकूम, मिळाला तर निर्माता त्याच आठवड्यात बोलणी करायला येतो, हे खरं. पण तो फार थोड्यांना मिळतो. शिवाय फसलेल्या स्टेमुळे नंतरची भरपाईची बाजूही लंगडी होते, म्हणून निवड आधीच विचार करून केलेली बरी.

तात्पुरत्या मनाई हुकुमाचा अर्ज दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ खाली होतो. न्यायालय तीन गोष्टी तपासतं: प्रथमदर्शनी बाजू आहे का, गैरसोयीचं पारडं कुणाकडे झुकतं, आणि होणारं नुकसान पैशांनी भरून येण्यासारखं आहे का. लेखक पहिल्या मुद्द्याची भरपूर तयारी करतात आणि उरलेल्या दोनांवर हरतात. चित्रपटगृहं ठरलेली असतात, जाहिरातीवर खर्च झालेला असतो, ओटीटीचे हक्क विकलेले असतात. तुमचं नुकसान मात्र रकमेत मोजता येतं, असं समोरचा वकील सांगतो आणि ते बऱ्याचदा पटतं. त्यात अर्ज शुक्रवारच्या प्रदर्शनासाठी बुधवारी आलेला असेल तर अवघडच. अशा ऐनवेळच्या अर्जांवर मुंबई उच्च न्यायालयाने वेळोवेळी कडक शब्दांत नाराजी नोंदवली आहे. तुम्हाला कधी कळलं हे सिद्ध करायला निर्माता पोस्टरची, बातमीची, टीझरची तारीख पुढे करतो. म्हणून घड्याळ ट्रेलरपासून नव्हे, चित्रपटाच्या पहिल्या जाहीर बातमीपासून चालू झालं असं धरा. प्रदर्शनाला दोन-तीन महिने असताना दावा दाखल झाला, तर स्टेची भाषा करण्यात अर्थ आहे.

एकतर्फी, म्हणजे समोरच्याला न ऐकता दिलेल्या, हुकुमावरही फार भिस्त ठेवू नये. निर्मात्याने कॅव्हेट (‘मला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नका’ असा आगाऊ अर्ज) दाखल केलेलं असेल तर त्याला नोटीस द्यावीच लागते. कॅव्हेट ९० दिवस टिकतं. हुकूम मिळालाच तर चुकीच्या स्टेमुळे होणारं नुकसान भरून देण्याची हमी न्यायालय तुमच्याकडून मागू शकतं. ही हमी देण्याची ऐपत आहे का, हे अर्जाआधी स्वतःला विचारा.

भरपाई आणि श्रेयाच्या दाव्याला एवढी घाई नसते. कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ५५ खाली भरपाई किंवा नफ्याचा हिशेब मागता येतो, आणि लेखक म्हणून नाव मिळण्याचा हक्क कलम ५७ देतं. मुदत ३ वर्षांची. कलम ६२ मुळे नागपूरला राहणारा लेखक नागपूरच्याच जिल्हा न्यायालयात जाऊ शकतो, ही मोठी सोय. २०१५ साली सर्वोच्च न्यायालयाने ‘फिर से’ या चित्रपटाच्या वादात लेखिकेला २५ लाख रुपये आणि श्रेय मिळवून दिलं. बऱ्याच लेखकांना खरं तर हेच हवं असतं.

इथली अडचण वेगळी. कॉपीराइटचा दावा व्यापारी दाव्यांत मोडतो, आणि ३ लाख किंवा त्याहून मोठ्या व्यापारी दाव्यात तातडीची मागणी नसेल तर आधी मध्यस्थीला जावंच लागतं. ती टाळली तर दावा फेटाळला जाऊ शकतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये स्पष्ट केलं. मध्यस्थी चुकवायला नुसता नावापुरता स्टे मागितला, तर न्यायालय तेही तपासतं.

दोन्ही वाटांवर कागद मात्र तेच लागतात. १९७८ च्या आर. जी. आनंद निकालापासून कायदा ठरलेला आहे: कल्पना, विषय, कथाबीज यांवर कॉपीराइट नाही, मांडणीवर आहे. त्या खटल्यात नाटककार हरला, कारण विषय सारखा असूनही मांडणी वेगळी निघाली. तेव्हा हाती फक्त वन लाइन, म्हणजे थोडक्यात लिहिलेली कथाकल्पना, असेल तर कॉपीराइटवर स्टे जवळजवळ विसरा. तीच वन लाइन खासगीत, विश्वासाने निर्मात्याला दिली असेल तर विश्वासभंगाचा मुद्दा जोडा. झी टेलिफिल्म्स विरुद्ध संडायल कम्युनिकेशन्स या २००३ च्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने मालिकेच्या कल्पनेलाही या आधारावर संरक्षण दिलं. त्यासाठी नेमकी कोणती माहिती दिली, कुणाला, कधी आणि कशासाठी, हे काटेकोर मांडावं लागतं. ‘माझी कल्पना चोरली’ एवढ्याने भागत नाही.

बाऊंड स्क्रिप्ट, म्हणजे पूर्ण लिहून झालेली पटकथा, असेल तर तक्ता करा: तुमचा पान क्रमांक, त्यांच्या चित्रपटातला मिनिट, आणि साम्य कशात आहे. पोलीस ठाण्यातली चौकशी किंवा पावसातली ताटातूट असली कुठल्याही चित्रपटात येणारी साम्यं काढून टाका. चाळीस मुद्द्यांत तीस असे भरले, तर उरलेले दहाही फिके पडतात. एखादा विचित्र तपशील, तोच क्रम, तीच चूक जशीच्या तशी उतरलेली असणं, हे खरं वजनदार. जोडीला ती पटकथा त्यांच्यापर्यंत पोचल्याचा ईमेल किंवा व्हॉट्सअ‍ॅप संदेश मूळ फोनसकट जपून ठेवा.

स्क्रीनरायटर्स असोसिएशनची नोंदणी तारखेचा पुरावा देते, मौलिकतेचा नाही. सभासद असाल तर त्यांच्या तंटा समितीकडे जाणं स्वस्त पडतं, पण ती समिती चित्रपट रोखू शकत नाही. कॉपीराइट कार्यालयातली नोंद अधिक वजनदार, मात्र हरकतींसाठी किमान ३० दिवस जातात. ट्रेलर आल्यावर धावपळ करून उपयोग नाही. कलम ६३ खालची फौजदारी तक्रार दबावासाठी करू नये. पुराव्याचा प्रश्न तिथेही तसाच राहतो.

प्रदर्शन लांब, पूर्ण पटकथा आणि पाठवल्याचा पुरावा हे तिन्ही हाती असेल तर स्टे मागा. तरीही त्याच अर्जात पर्यायी मागण्या ठेवा: श्रेयनामावलीत नाव, ठरावीक रक्कम न्यायालयात जमा, उत्पन्नाचा हिशेब ठेवण्याचा हुकूम. यांतलं एक जरी कमी असेल तर या पर्यायी मागण्यांवरच जोर द्या. चित्रपट प्रदर्शित झाला असेल तर ओटीटीवर जाण्यापूर्वी नाव जोडण्याची मागणी लगेच करा. एका पाटीत बदल करायला निर्मात्याला फारसा खर्च येत नाही आणि न्यायालयालाही असा हुकूम देणं सोपं जातं.