टाइम मशीनची तार : काल्पनिक धातू की अतिसंवाहक?

विज्ञानकथेत टाइम मशीन आलं की लेखकाला एक निर्णय लवकर घ्यावा लागतो. यंत्राची अफाट ऊर्जा वाहून न्यायची कशातून? एक तर आपणच एखादा धातू जन्माला घालायचा, नाही तर आज प्रयोगशाळेत असलेला अतिसंवाहक, म्हणजे अतिथंड केल्यावर वीज विनारोध वाहू देणारा पदार्थ, उचलायचा. मी दोन्ही तऱ्हांनी लिहिलं आहे. हल्ली माझा हात दुसऱ्याकडेच जातो, पण पहिल्याची बाजू लंगडी आहे असं मुळीच नाही.

काल्पनिक धातूचं खरं बळ वेगात आहे. ‘उल्केत सापडलेला त्रिकालियम’ एवढं म्हटलं की वाचक मान डोलावतो आणि कथा पुढे सरकते. एच. जी. वेल्स यांनी 1895 च्या ‘द टाइम मशीन’मध्ये निकेल, हस्तिदंत आणि स्फटिक एवढ्यावरच भागवलं आणि आजही त्यावाचून काही अडत नाही. मात्र त्यांच्या कथेचा जीव यंत्रात नव्हता, ते यंत्र जिथे पोचतं त्या जगात होता.

माझ्या कथेचा जीव यंत्र बिघडण्यात होता आणि तिथेच त्रिकालियमने मला जेरीस आणलं. हा धातू दगा कधी देतो, हे कोण ठरवणार? मीच. तिसऱ्या प्रकरणात त्यातून वाटेल तेवढी ऊर्जा सुखरूप जाते आणि नायिका परतायला निघाली की नेमका तडा! कारण म्हणून कंपनं लिहून पाहिली, दमट हवा लिहून पाहिली, धातूचं वय लिहून पाहिलं. प्रत्येक कारण सबबीसारखं वाचलं जाई. ‘मग हे आधी का नाही झालं?’ याला उत्तर द्यायचं तर नियम हवा आणि नियम सांगायचा तर पान खर्ची पडतं. सुरुवातीला वाचवलेली जागा शेवटी व्याजासकट फेडावी लागते.

अतिसंवाहक आपला दगा स्वतःच घेऊन येतो. एमआरआय यंत्रातली निओबियम-टायटॅनियमची तार घ्या. द्रव हेलियममध्ये, सुमारे 4 केल्विनला (उणे 269 अंश सेल्सिअसला) ती विजेला कसलाच रोध करत नाही. पण तारेचा इवलासा भाग जरा तापला, की तिथे रोध परततो, उष्णता वाढते, शेजारचा भागही जातो. याला क्वेंच म्हणतात. तारेच्या वेटोळ्यातली सगळी ऊर्जा उष्णता होऊन बाहेर पडते आणि हेलियम उकळून 700 पटींहून जास्त फुगतो. सप्टेंबर 2008 मध्ये सर्न या युरोपीय प्रयोगशाळेच्या महाकाय कण-त्वरकात अतिसंवाहक चुंबकांमधला एक जोड सदोष निघाला आणि टनावारी हेलियम सुटला.

तोच प्रसंग मी या तारेवर पुन्हा लिहिला. शिट्टीसारखा आवाज, छतालगत साचत जाणारा पांढरा ढग, कमी होत जाणारा ऑक्सिजन. नायिका जमिनीशी वाकून दाराकडे सरकते, पण दार आत उघडणारं आहे आणि खोलीतल्या दाबामुळे हलत नाही. यातलं काहीही मला रचावं लागलं नाही. परतीचा प्रवास अडला, तोही हेलियम संपल्यामुळे.

अर्थात अतिसंवाहक काळ वाकवत नाही. गणितज्ञ कुर्ट गोडेल यांनी 1949 मध्ये सापेक्षतेच्या समीकरणांतून भूतकाळात परतणारी वाट दाखवली, पण त्यासाठी अख्खं विश्वच फिरतं असावं लागतं. कृष्णविवरासारखं काही योजलंत तरी वाचकाकडे एक मोठी सूट मागावीच लागते. मी ती वेटोळ्याच्या मधोमध मागतो, तार मात्र खरी ठेवतो. जाणकार वाचक तापमानाची चूक पकडतो, तेव्हा आकडे तपासून घ्यावेत. द्रव नायट्रोजनच्या 77 केल्विनला चालणारे सिरॅमिक अतिसंवाहक 1987 पासून आहेत, स्वस्तात थंड राहतात, पण त्यांनी नायिकेचा धोका बराच कमी होतो. साध्या तापमानाला चालणारा अतिसंवाहक आजच्या काळातल्या कथेत नकोच. तसा दावा झालेल्या एलके-99 या पदार्थाचा 2023 मधला गाजावाजा काही आठवड्यांतच विरला.

चार पानांची कथा असेल, किंवा हजार वर्षांनंतरचं जग असेल, तर धातू खुशाल कल्पनेतला घ्या, तिथे तो शोभतोही. पण यंत्र बंद पडणार असेल, तर मी तरी निओबियमच घेईन. आणि तरीही स्वतःचाच धातू हवा असेल, तर नाव शोधण्याआधी तो कितव्या अंशाला निकामी होतो तो आकडा कागदावर लिहून ठेवा आणि पहिल्याच प्रकरणात कुणाच्या तरी तोंडून सांगून टाका.