स्लोडाइव्हच्या पाच रेकॉर्ड: आधी कुठली घ्यावी

इंग्लंडमधल्या रेडिंगचा स्लोडाइव्ह हा बँड १९८९ साली जमला. १९९५पर्यंत तीन अल्बम, मग बावीस वर्षं एकही नाही, आणि पुन्हा २०१७ व २०२३. पाचही एलपीवर निघाले आहेत. पण क्रमाने घेत बसू नका. 'जस्ट फॉर अ डे'वर (१९९१) गिटारचे थर देखणे आहेत, गाणी मात्र एकमेकांत विरघळतात. ती शेवटी घेतली तरी चालेल.

सुरुवात २०१७च्या 'स्लोडाइव्ह'ने करावी. ड्रम आणि बास स्वच्छ असल्यामुळे साध्या सिस्टिमवरही गाणं हाती लागतं. त्यानंतर 'सूव्लाकी' (१९९३). दोन गाण्यांवर ब्रायन इनो या संगीतकार-निर्मात्याचा हात आहे. बँडचा गायक-गिटारवादक नील हॉलस्टेडची गिटार यामाहा एफएक्स ५०० या इफेक्ट युनिटमधून, म्हणजे आवाज बदलणाऱ्या यंत्रातून यायची. रिव्हर्ब (आवाजाचं घुमणं) आणि कोरस (एकच सूर अनेक गिटारांवर वाजल्याचा भास) इतका दाट, की तार छेडल्याचा ठोका ऐकूच येत नाही, सूर धुक्यातून वर येतो. गायिका रेचल गोस्वेलचा आवाज मुद्दामच गिटारच्या मागे ठेवलेला आहे. शब्द कळत नाहीत म्हणून ट्रेबल वाढवू नका, फक्त सरसर वाढेल.

खरी कमाई 'पिग्मॅलियन' (१९९५). ड्रम जवळजवळ नाहीत. एखादा गिटारचा तुकडा फिरत राहतो आणि त्याच्या भोवती शांतता. तो आला आणि थोड्याच दिवसांत क्रिएशन या रेकॉर्ड कंपनीने बँडला सोडून दिलं. त्यातल्या तिघांनी पुढे 'मोहावी ३' हा बँड काढला. आज हाच अल्बम सगळ्यात ताजा वाटतो.

पण हीच रेकॉर्ड नाशिकच्या घरात सगळ्यात जास्त त्रास देते. आवाज इतका हलका, की पंखा पाचवर असेल तर रिव्हर्बची शेपटी संपली कधी ते कळत नाही. पंखा दोनवर आणा, गंगापूर रोडसारख्या वाहत्या रस्त्यालगत असाल तर रात्री दहानंतर लावा. फरशी आणि उघड्या भिंतींच्या खोलीत रेकॉर्डच्या घुमण्यात खोलीचं घुमणं मिसळतं. खाली जाड सतरंजी, समोर जाड पडदा, स्पीकर भिंतीपासून निदान दीड-दोन फूट पुढे.

उन्हाळ्याच्या धुळीत प्रत्येक बाजूआधी कार्बन ब्रश फिरवा. बाकीच्या रेकॉर्डवर जो चट्चट् आवाज गिटारखाली लपतो, तो इथे थेट कानावर येतो. सुईचा भार कार्ट्रिजच्या (सुई बसवलेल्या भागाच्या) माहितीपत्रकावर असेल तेवढाच. ऑडिओ-टेक्निकाच्या व्हीएम९५ मालिकेतल्या कार्ट्रिजला २ ग्रॅम. कमी ठेवलात तर आतल्या चऱ्यांवर 'स' फाटतो.

'एव्हरीथिंग इज अलाइव्ह'मध्ये (२०२३) सिंथ (सिंथेसायझर) पुढे आला आहे. हा अल्बम गोस्वेलची आई आणि ड्रमर सायमन स्कॉटचे वडील यांना अर्पण आहे. दुसरी बाजू पहिलीपेक्षा सरस.

पावसाळ्यात पाचही उभ्याच ठेवा, भिंतीला टेकवून नकोत. कागदी आतल्या पिशव्या काढून प्लॅस्टिकच्या घाला, कागदाला बुरशी लवकर धरते.