व्हिएतनामच्या खेड्यात एक दिवस: मळा, चाक की भातखाचर?

व्हिएतनामचा आठ-दहा दिवसांचा बेत आखायला बसलं, की हनोई, हा लाँग, होई आन आणि हो ची मिन्ह सिटी ही नावं आपोआप कागदावर येतात. मग एखादा दिवस उरतो. तो खेड्यातल्या 'स्वतः करून बघा' सहलीला द्यावा का, आणि दिला तर कुठल्या गावाला, हा प्रश्न मला गेल्या काही महिन्यांत ओळखीच्या चार-पाच घरांनी विचारला. जाहिराती बघून ठरवणं अवघड आहे, कारण सगळीकडे चित्र एकच: शंकूच्या आकाराची टोपी, हिरवं शेत आणि चिखलात उभे राहून हसणारे पाहुणे. गावं मात्र एकमेकांपासून फार वेगळी आहेत.

आम्ही तिघं गेलो होतो. मी, सत्तरीला टेकलेली आई आणि बारा वर्षांची मुलगी. तिघांच्या आवडी तीन, गुडघेही तीन तऱ्हांचे. निवड करताना मी दोन गोष्टी बघते. पाहुणे आले नाहीत तरी त्या गावात ते काम चालू राहील का? आणि ते काम माझ्या हातात किती वेळ राहणार? पाच मिनिटं चाकावर हात ठेवून फोटो काढला, याला मी शिकणं म्हणत नाही. निदान तासभर तरी हात चुकायला हवा.

पहिली पसंती: त्रा क्वेचा मळा

मध्य व्हिएतनाममधल्या होई आनच्या जुन्या गावापासून त्रा क्वे जेमतेम तीन किलोमीटर. सायकलनं पंधरा-वीस मिनिटांत पोचता, वाटेत दोन्ही बाजूंना भातखाचरं. हे पालेभाज्यांचं आणि वासाच्या पानांचं गाव. पुदिना, कोथिंबीर, पातीचा कांदा, लेट्यूस, आपल्या तुळशीच्या भावकीतली पानं, जांभळ्या पाठीचं तिया तो. वीसहून जास्त जाती इथे निघतात. जमीन वालुकामय, आणि तिला जोर येतो तो शेजारच्या नदीतून-तळ्यातून काढलेल्या पाणगवतानं. ते गवत वाफ्यात गाडतात, कुजू देतात, मग वर रोपं लावतात. होई आनच्या काओ लाऊ किंवा 'मी क्वांग' नावाच्या नूडल खाताना ताटात जो पाल्याचा ढीग येतो, तो बहुधा इथलाच. म्हणजे माझ्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर मिळालं: उद्या एकही पाहुणा आला नाही तरी सकाळी भाजी बाजारात जाणारच आहे. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेनं 2024 साली या गावाला जगातल्या उत्तम पर्यटन गावांच्या यादीत घेतलं. त्यामुळे गर्दी वाढली आहे, तरी सकाळी आठच्या आत पोचलात तर मळा अजून शेतकऱ्यांचाच असतो.

पाणी घालायची इथली रीत मी अजून विसरलेले नाही. खांद्यावर कावड, कावडीच्या दोन टोकांना दोन झाऱ्या. बाई दोन वाफ्यांमधल्या वीतभर वाटेनं अनवाणी चालते आणि दोन्ही हातांनी झाऱ्या एकदम कलत्या करते. पाणी दोन्हीकडे पंख्यासारखं उघडतं आणि तिची चाल जराही मोडत नाही. मी कावड घेतली तेव्हा डावी झारी आधी रिकामी झाली, उजवीकडचं ओझं मला ओढून वाफ्यात घेऊन गेलं. भरलेली कावड तोलणं म्हणजे दोन्ही बाजूंनी सारखं रितं होणं, हे तिनं एकही शब्द न बोलता पुन्हा करून दाखवलं. चौथ्या फेरीला मला थोडं जमलं.

आईचं माहेर मुळशीकडचं. रोप लावायला ती बसली, दोन बोटांनी खळगा केला, रोप ठेवलं आणि अंगठ्यानं मुळाशी माती दाबली. मळ्यातल्या आजींनी आधी तिच्या हाताकडे पाहिलं, मग तोंडाकडे, आणि रोपांची अख्खी टोपली उचलून तिच्यापुढे ठेवली. दोघींना एकमेकींच्या भाषेतला एक शब्द येत नव्हता. पुढचा अर्धा तास त्या दोघी एक ओळ लावत गेल्या. एवढ्यासाठी मी तिथे पुन्हा जाईन.

काम झालं की बहुतेक ठिकाणी खुडलेली पानं घेऊन स्वयंपाक शिकवतात. बान्ह सेओ म्हणजे तांदळाच्या पिठात हळद घालून केलेलं कुरकुरीत धिरडंच. त्यात कोळंबी आणि डुकराचं मांस घालतात. आधी सांगितलं तर मोड आलेले मूग आणि अळंबी घालून करून देतात. अर्धा दिवस पुरतो, आणि उठबस झेपत नसेल तर पाणी घालण्यापुरतं काम घेता येतं. लहान-मोठ्या सगळ्यांना घेऊन जाणाऱ्या कुटुंबाला मी डोळे मिटून त्रा क्वे सांगते.

होई आनच्या आसपासच 'भातशेतीचा दिवस' म्हणून सहली मिळतात. नांगर, लावणी, आणि दोन माणसांनी समोरासमोर उभं राहून दोरांनी बादली झुलवत पाणी उपसणं. ही बादली फार देखणी गोष्ट आहे. दोघांचा ताल जमला तरच पाणी वर येतं, नाहीतर बादली हवेत गिरकी घेते. माझ्या मुलीला दिवसभरात सगळ्यात जास्त आवडलं ते हेच. पण आता शेतात पंप आहेत, त्यामुळे हे जुनी अवजारं दाखवण्यासाठी मांडलेलं काम आहे, हे मनाशी धरून जावं. शिवाय काही ठिकाणी रेड्याच्या पाठीवर बसवून फोटो काढतात. आम्ही बसलो नाही. दिवसभर माणसं वाहणारा रेडा म्हणजे शेती नव्हे.

मातीचं काम: तीन गावं, तीन पद्धती

कुंभारकाम करायचं असेल तर निवड जास्त विचारानं करावी लागते, कारण तीन गावांतली पद्धत मुळातच निराळी आहे.

'थान हा' हे गाव होई आनच्या पश्चिमेला, थू बोन नदीच्या काठी, तेही तीनेक किलोमीटरवर. इथली भांडी बिनझिलईची, भाजक्या विटेच्या रंगाची. चाक दोन जणींनी चालतं: एक उभी राहून पायानं चाकाला रेटा देते, दुसरी खाली उकिडवी बसून माती वर ओढते. पाहुण्याला खालची जागा देतात. पायाचा रेटा त्यांचा, हात तुमचा, आणि तुमचा हात घाबरला की वरचा पाय आपोआप मंदावतो. मातीच्या शिट्ट्याही मिळतात, प्राण्यांच्या आकाराच्या, मुलं खूश. तास-दीड तासाचं काम, त्यामुळे सकाळी त्रा क्वे आणि दुपारी थान हा असा दिवस सुखानं जमतो. यात तिसरं काही घालू नये.

बात त्रांग हनोईपासून तेरा किलोमीटरवर, लाल नदीच्या डाव्या तीरावर. हे मोठं, श्रीमंत, शेकडो वर्षं चिनीमाती घडवणारं गाव. लाँग बिएनच्या थांब्यावरून सिटी बसनं जाता येतं, म्हणून खर्च सगळ्यात कमी. पूर्वी इथल्या भट्ट्या कोळशावर चालत. गल्लीतल्या भिंतींवर कोळशाच्या चकत्या थापून वाळवत, थेट आपल्या गोवऱ्यांसारख्या. आता गॅसच्या भट्ट्या आल्या आणि हवा सुधारली. कार्यशाळांमध्ये प्रत्येकाला स्वतंत्र छोटं चाक मिळतं, हवा तितका वेळ बसू देतात. मुलांसाठी हे उत्तम आहे. पण एक गोष्ट आधी समजून घ्या. भांडं नीट वाळवून, झिलई देऊन, भट्टीत भाजून निघायला दिवस लागतात. त्याच दिवशी हातात पडतं ते बहुतेक वेळा नुसतं वाळवून रंगवलेलं असतं. त्यात चहा पिता येत नाही आणि विमानात ते सांभाळणं कठीण. शेवटी हनोईला परत येणार असाल तर पहिल्याच दिवशी बात त्रांगला जा आणि परतीच्या वेळी पक्कं भाजलेलं भांडं घ्या. भाजून ठेवाल का, हे चाकाला हात लावण्याआधी विचारा.

तिसरं बाऊ त्रुक. हे चाम लोकांचं गाव, न्हा त्रांग शहराच्या दक्षिणेला फान रांगजवळ. मी सोन नावाची जुनी शिवमंदिरं ज्यांनी बांधली, तेच हे चाम. इथे चाक नाहीच. भांडं एका ठोकळ्यावर स्थिर, आणि घडवणारी बाई त्याच्याभोवती वाकून, मागे-मागे सरकत फिरते. भट्टीही नाही; उघड्यावर लाकडं आणि पेंढा रचून भाजतात, त्यामुळे प्रत्येक भांड्यावर धुराचे डाग वेगळे. युनेस्कोनं 2022 साली ही कला तातडीनं जपायला हवी अशा वारशांच्या यादीत घेतली. पर्यटकांच्या नेहमीच्या वाटेवर हे गाव येत नाही, न्हा त्रांगहून जाऊन-येऊन पूर्ण दिवस जातो. मातीत खरोखर रस असेल, घरी चाकावर बसत असाल, तर बाकी दोन्ही सोडून इथे जा. नुसती गंमत हवी असेल तर एवढा प्रवास करू नका.

हनोईकडून भात बघायचं असेल तर

हा लाँगला जाता-येता येन डुक नावाचं गाव लागतं. भात कांडणं, पाखडणं, केरसुण्या बांधणं, पाण्यावरच्या बाहुल्यांचा खेळ, आणि तळ्यात उतरून तळ नसलेल्या बांबूच्या टोपलीनं मासे पकडणं असा तिथला कार्यक्रम असतो. टोपली झपकन चिखलात रोवायची आणि वरच्या भोकातून हात घालून मासा चाचपायचा. शाकाहारी घरांना हा भाग गाळायला सांगता येतो. उखळ-मुसळ आणि सूप आपल्याला ओळखीचं. माझ्या आईनं तिथल्या सुपात तांदूळ असे पाखडले की शिकवणारीच बाजूला बसली. प्रवासाची वाट तीच असल्यानं वेगळा दिवस खर्च होत नाही, हा मोठा फायदा. दर मात्र चढा, कारण जेवण, गाडी, खेळ सगळं एकत्र बांधलेलं असतं. मुंबई-पुण्यात वाढलेल्या मुलांना तांदूळ कुठून येतो हे दाखवायचं असेल तर पैसे वसूल. गावाकडे लावणीला जाणाऱ्या घरांनी हा खर्च टाळला तरी चालेल.

हनोईच्या पश्चिमेला चाळीस-पन्नास किलोमीटरवर दुओंग लाम आहे. जांभ्या दगडाची घरं, अंगणात सोयाबीनच्या आंबवलेल्या चटणीचे रांजण. कोकणातल्या माणसाला भिंती बघून पटकन घरची आठवण येईल. पण हातानं करण्यासारखं तिथे थोडंच, ते फिरण्याचं गाव. हनोईच्या दक्षिणेकडच्या क्वांग फू काऊला उदबत्तीच्या लालभडक काड्यांचे जुडगे फुलासारखे पसरून ठेवलेले दिसतात. तिथे फोटोसाठी पैसे घेतात आणि फोटोच मिळतो.

दक्षिणेतल्या मेकाँग नदीच्या त्रिभुज प्रदेशाबद्दल स्पष्ट सांगते. हो ची मिन्ह सिटीहून एका दिवसात 'मी थो' आणि 'बेन त्रे' ही ठिकाणं दाखवणाऱ्या सहलीत आम्ही गेलो. नारळाच्या वड्या, मध, गाणं, होडी, फळं. प्रत्येक थांब्याला वीसेक मिनिटं, आणि प्रत्येक थांब्याच्या शेवटी दुकान. वड्यांच्या कारखान्यात बायका इतक्या वेगानं कागद गुंडाळत होत्या की बघत राहावं. मुलीनं एक वडी गुंडाळायला मागितली तर मार्गदर्शकानं घड्याळ दाखवलं. त्या बायकांचा काही दोष नव्हता, आखणीच तशी होती. मेकाँगला जायचंच असेल तर मुक्काम करा. 'काय बे' नावाच्या गावाच्या बाजूला तापलेल्या काळ्या वाळूत भाताच्या लाह्या फोडतात, ते थांबून बघायला मिळेल.

उत्तरेच्या डोंगराळ भागातल्या सा पाचं मेण-निळीचं कापडकाम आणि माय चाऊचं विणकामही मुक्कामाचंच आहे. सा पा हनोईहून बसनं पाच-सहा तास. तिथे एका दिवसात जाऊन येण्याचं आमिष कुणी दाखवलं तर नको म्हणा.

सुट्टी कधीची, त्यावर बरंच अवलंबून

दिवाळीच्या सुट्टीत जाणाऱ्यांनी होई आनबाबत जपून राहावं. ऑक्टोबर-नोव्हेंबर हे तिथले पुराचे महिने. 2025 च्या ऑक्टोबरअखेर थू बोनचं पाणी जुन्या गावात शिरलं होतं. तेव्हा त्रा क्वेचे वाफेही बुडतात. दिवाळीत गेलात तर उत्तरेकडे झुका, बात त्रांग आणि येन डुक. मे महिन्यात होई आन कोरडं पण तापलेलं, म्हणून मळ्यावर सकाळी लवकर जा आणि दहाला सावलीत या. मेअखेर ते जूनमध्यापर्यंत उत्तरेत भाताची कापणी असते, तेव्हा येन डुकला खरं काम दिसतं. नाताळात उत्तर थंड, स्वेटर लागतो. जानेवारी-फेब्रुवारीत त्यांचं नवं वर्ष, तेत, कधी आहे ते बघून तिकीट काढा, कारण त्या आठवड्यात चाकं आणि कार्यशाळा बंद असतात.

जेवणाचं एक. 'आन चाय' म्हणजे शाकाहार, हा शब्द सगळ्यांना कळतो, कारण चांद्र महिन्याच्या पहिल्या दिवशी आणि पौर्णिमेला तिथली कितीतरी माणसं स्वतः चाय जेवतात. तरी माशाचं पाणी, नूक माम, भाजीत पडतंच. ते नको असं वेगळं सांगावं लागतं. आम्ही हे व्हिएतनामीत लिहून घेतलेला कागद जवळ ठेवला होता आणि प्रत्येक स्वयंपाकघरात आधी तो दाखवला. त्रा क्वेच्या आजींनी तो वाचून मान हलवली, नूक मामची बाटली उचलून मागच्या फळीवर ठेवली आणि सोया सॉसची पुढे सरकवली.