होलमन स्ट्रीटवरची बावीस घरं

ह्यूस्टनला पाहुणे आले की आम्ही नासाचं स्पेस सेंटर, गॅल्व्हेस्टनचा समुद्र आणि स्टॅफर्डचं स्वामिनारायण मंदिर दाखवतो. आई आली तेव्हा तिला थर्ड वॉर्ड या कृष्णवर्णीयांच्या जुन्या वस्तीत ‘प्रोजेक्ट रो हाउसेस’ हा कलाप्रकल्प बघायलाही नेलं. मी त्याआधी दोनदा जाऊन आलो होतो, तरी ती जागा मला कळली ती आईमुळेच.

होलमन स्ट्रीटवरची, १९३०च्या दशकातली ही बावीस लाकडी घरं. रुंदीला अगदी कमी, आणि खोलीमागे खोली अशी सरळ आत जाणारी. मधे बोळ नाही. पुढे छोटा व्हरांडा. ‘शॉटगन हाउस’ म्हणतात त्यांना. आई दारात उभी राहून म्हणाली, “अरे, ही ओटी, हे माजघर, पलीकडे परसदार. आपलंच घर की हे!” आणि चपला काढून आत गेली. तिथल्या मुलीने चपला असू द्या म्हणून खुणेने सांगितलं. आई मराठीतच म्हणाली, “घर आहे ना!”

आत चित्रकारांचं काम असतं. एकेका घरात एकेकाने अख्खी खोली वापरून केलेली मांडणी. ती आवडेल, न आवडेल. मला त्याहून मोठं वाटतं ते या घरांचं उभं असणं. रिक लोव हा चित्रकार वस्तीतल्या गरिबीवर, अन्यायावर मोठमोठी चित्रं करत असे. एकदा शाळेतला एक मुलगा त्याच्या स्टुडिओत आला आणि म्हणाला, आमचे हाल आम्हाला ठाऊक आहेत. तुम्ही कलावंत आहात, तर मग त्यावर उपाय का नाही घडवत? लोवने हा प्रश्न मनावर घेतला. १९९३मध्ये आणखी सहा कृष्णवर्णीय कलावंतांबरोबर त्याने ही ओसाड पडलेली घरं हाती घेतली. जोसेफ बॉइस या जर्मन कलावंताची ‘सामाजिक शिल्प’ ही कल्पना, म्हणजे समाज घडवणं हीसुद्धा कलाच, आणि थर्ड वॉर्डची अशी घरं चित्रांत आणणारे जॉन बिगर्स, हे दोघे त्याच्या डोळ्यांसमोर होते.

सगळ्या घरांत प्रदर्शनं भरवली असती तर ते एक संग्रहालय झालं असतं. पण काही घरं त्यांनी शिकणाऱ्या एकट्या आयांना, मुलांसह राहायला दिली. म्हणून इथे चित्रं बघता बघता शेजार दिसतो. लोव स्वतः शेजाऱ्यांबरोबर तासन्‌तास डॉमिनो खेळत बसायचा, आणि पुढे त्याच्या चित्रांत त्याच सोंगट्यांच्या रांगा उतरल्या. २०१४मध्ये त्याला मॅकआर्थर फेलोशिप ही अमेरिकेतली मोठ्या मानाची पाठ्यवृत्ती मिळाली. कुंचला बाजूला ठेवून वस्तीत बसलेल्या माणसाला ती मिळाली, याचा मला फार आनंद आहे.

जाणाऱ्यांसाठी: प्रवेश फुकट. एक प्रदर्शन उतरून दुसरं लागेपर्यंत घरं बंद असतात, तेव्हा तारखा बघून निघा. ज्या घरांत माणसं राहतात तिथे डोकावू नका, फोटो काढू नका. उन्हाळ्यात पाणी बरोबर घ्या. तिथून चालत एमॅन्सिपेशन पार्कला जा. गुलामगिरीतून सुटलेल्या लोकांनी मुक्तिदिन साजरा करायला १८७२मध्ये स्वतः पैसे जमवून ती जमीन घेतली. समोरच एल्डोराडो बॉलरूम आहे. १९३९पासूनचा हा नाचगाण्याचा हॉल १९९९मध्ये प्रोजेक्ट रो हाउसेसकडेच आला आणि दुरुस्त होऊन २०२३मध्ये पुन्हा उघडला. हाताशी अर्धा दिवस ठेवा. आम्ही दोन तासांत आटपू म्हणून गेलो होतो, आणि आई व्हरांड्याच्या पायरीवरून उठायलाच तयार नव्हती.