फेडरल न्यायाधीशांची कुंडली, फुकटात

मी अमेरिकेत एका वकिलांच्या ऑफिसात पॅरालीगल, म्हणजे वकिलांची मदतनीस आहे. फेडरल (केंद्रीय) ट्रायल कोर्टात, म्हणजे खटला आधी जिथे चालतो त्या डिस्ट्रिक्ट कोर्टात दावा दाखल केला की नंबर पडतो आणि काम कोणत्या न्यायाधीशांकडे जाणार ते बहुतेक वेळा संगणक चिठ्ठी काढल्यासारखं ठरवतो. आमच्या वकीलबाई सगळ्यात आधी तेवढंच विचारतात, जज कोण? मग मी फेडरल ज्युडिशियल सेंटर या फेडरल कोर्टांच्या संशोधन संस्थेच्या संकेतस्थळावरचा न्यायाधीशांचा चरित्रकोश उघडते. गेली नऊ वर्षं उघडतेय, आणि आज त्याच्याबद्दल मनापासून लिहायचंय.

१७८९ पासून, राज्यघटनेच्या तिसऱ्या कलमाखाली तहहयात नेमल्या गेलेल्या प्रत्येक फेडरल न्यायाधीशाची नोंद इथे आहे. पैसे नाहीत, लॉगिन नाही. (कोर्टाची कागदपत्रं पेसर या फेडरल कोर्टांच्या ऑनलाइन सेवेवर बघायची तर पानामागे १० सेंट लागतात, तिमाहीचं बिल ३० डॉलरच्या आत राहिलं तर माफ होतं.) राष्ट्राध्यक्षानुसार, कोर्टानुसार शोधता येतं, आणि सगळी माहिती तक्त्याच्या रूपात उतरवूनही घेता येते.

नोंद अगदी कोरडी असते. जन्म, कोर्ट, कोणाच्या रिकाम्या जागेवर, राष्ट्राध्यक्षांनी नाव सिनेटकडे कधी पाठवलं, सिनेटने कधी मंजूर केलं, सनद कधी मिळाली. खाली शिक्षण आणि आधीच्या नोकऱ्या. विशेषण एकही नाही. पहिल्या वर्षी मला वाटायचं, यात वाचण्यासारखं काय आहे? पण तारखा वाचायची सवय लागली की याच ओळी बोलायला लागतात.

कॉन्स्टन्स बेकर मोटली यांची नोंद घ्या. फेडरल न्यायाधीश झालेल्या पहिल्या कृष्णवर्णीय महिला. न्यूयॉर्कच्या सदर्न डिस्ट्रिक्टसाठी त्यांचं नाव १९६६ च्या जानेवारीत गेलं, मंजुरी ३० ऑगस्टला. मधल्या सात महिन्यांबद्दल कोश काही सांगत नाही. सिनेटच्या न्यायविषयक समितीचे अध्यक्ष जेम्स ईस्टलंड यांनी ते नाव अडवून धरलं होतं. खाली बघितलं तर १९८६ मध्ये सीनियर स्टेटस, म्हणजे काम कमी करण्याची मुभा, आणि सेवा समाप्त २००५ मध्ये, ‘मृत्यूमुळे’. वीसेक वर्षांची ‘निवृत्ती’ न्यायाधीशपदावरच गेली. हा ‘मृत्यूमुळे’ शब्द इथे इतक्या नोंदींच्या शेवटी येतो की तहहयात म्हणजे काय ते मला कायद्याच्या पुस्तकापेक्षा इथेच जास्त कळलं.

मी सगळ्यात जास्त वेळा उघडलेली नोंद फ्रँक एम. जॉन्सन (धाकटे) यांची. जन्म १९१८, हेलीव्हिल, अलाबामा. जॅस्परमध्ये वकिली, मग सरकारी वकील. ऑक्टोबर १९५५ मध्ये आयझेनहॉवर यांनी सिनेटचं सत्र नसताना तात्पुरती नेमणूक केली, तेव्हा वयाची ३७ वर्षंही पूर्ण नव्हती. पुढच्या जानेवारीत मंजुरी. त्यानंतर पाचच महिन्यांत तीन न्यायाधीशांच्या पीठाने दोन विरुद्ध एक मतांनी माँटगोमेरीच्या बसमधला वर्णभेद घटनाबाह्य ठरवला, आणि त्या दोनांतले एक हे होते. १९६५ मध्ये कृष्णवर्णीयांच्या मतदानहक्कासाठीच्या सेल्मा ते माँटगोमेरी मोर्चाला परवानगी यांनीच दिली. अन्याय जेवढा मोठा, तेवढा निषेधाचा हक्क मोठा, हे त्या निकालाचं सूत्र. जॉन्सन यांच्या घरासमोर धमकी म्हणून क्रॉस जाळला गेला. १९६७ मध्ये त्यांच्या आईच्या घरावर बॉम्ब टाकला. यातलं काहीही नोंदीत नाही.

आणि एक, जे मला कधी विसरता येत नाही. अलाबामाच्या मनोरुग्णालयांच्या खटल्यात, वायट विरुद्ध स्टिकनी, त्यांनी किमान सोयींची यादीच आदेशाला जोडली. आठ रुग्णांमागे एक शौचालय, हेसुद्धा त्यात आहे. फेडरल न्यायाधीशाने बसून शौचालयं मोजली, कारण तोवर ती कोणी मोजली नव्हती. ट्रायल जजचं काम म्हणजे काय असं कोणी विचारलं तर मी हाच आदेश दाखवते.

कोशात हे सगळं असायला हवं होतं का? मला तरी नाही वाटत. सगळ्यांना एकाच मापात बसवलंय म्हणूनच डोळे मिटून विश्वास ठेवता येतो. एक मात्र नवख्यांनी ध्यानात ठेवावं: मॅजिस्ट्रेट (डिस्ट्रिक्ट जजना मदत करणारे) आणि बँक्रप्सी (दिवाळखोरीचे खटले बघणारे) न्यायाधीश या कोशात नसतात, कारण त्यांची नेमणूक ठरावीक मुदतीची असते. नाव सापडलं नाही तर आधी हे तपासा, मग थेट त्या कोर्टाच्या संकेतस्थळावर जा.

न्यायाधीशांचे खाजगी कागद कुठल्या ग्रंथालयात जपले आहेत, याचाही माग इथे लागतो. जॉन्सन यांचे कागद लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये आहेत. या वर्षी रजा टाकून वॉशिंग्टनला जायचं ठरवलंय.