निळा पोर्ट पाहून मी खूश झालो आणि ९,५७० रुपयांना बुडालो

गावात माझे सेवा केंद्र आहे. सातबाऱ्याचे उतारे, पीकविम्याचे अर्ज, मुलांच्या शिष्यवृत्त्या ही माझी रोजची कामे, आणि कुणाला ओटीपी मागणारा फोन आला की तो माणूस आधी माझ्या टेबलासमोर येऊन बसतो व मी त्याला चार शब्द सुनावतो. असा मी, संगणकाच्याच एका सुट्या भागात, गेमचे चित्र पडद्यावर काढणाऱ्या जुन्या ग्राफिक कार्डात फसलो, हे लिहायला हात धजत नाही. सात महिने घरचे आणि तक्रारीची टेबले सोडून कुणाला आपणहून बोललो नव्हतो. मागच्या आठवड्यात शेजारच्या गावातील एक मुलगा थेट तसेच कार्ड पिशवीत घालून "काका, गेम लावला की स्क्रीन काळी होते" म्हणत आला, तेव्हा मात्र लाज गिळली.

माझा पुतण्या दिवाळीच्या सुट्टीत आला होता आणि त्याला केंद्रातल्या जुन्या संगणकावर ट्रॅक्टर चालवण्याचा, शेती करण्याचा तो प्रसिद्ध प्रकारचा गेम टाकायचा होता. ज्या घरची माणसे दिवसभर वावरात कापूस वेचतात, त्या घरच्या पोट्ट्याला रात्री पडद्यावर नांगरणी करायची होती. यावर माझी आई जे बोलली ते इथे छापण्यासारखे नाही. संगणक चौथ्या पिढीच्या आय-५ प्रोसेसरचा, आठ जीबी रॅमचा, म्हणजे कामापुरता बरा होता, पण त्यात वेगळे ग्राफिक कार्ड नव्हते. म्हणून जुने कार्ड शोधायचे ठरले. जुन्या वस्तूंच्या एका ॲपवर नागपूरच्या एका दुकानदाराची जाहिरात दिसली: एनव्हिडिया कंपनीचे जीटीएक्स १०५० टीआय, ४ जीबी, ६,५०० रुपये. कुणी म्हणेल, स्वस्ताच्या मोहाला भुललास. तसे नाही. त्या दिवशी त्याच कार्डाच्या इतर जाहिरातीही त्याच भावाच्या आसपास होत्या. कवडीमोल भाव असता तर मीही कान टवकारले असते. शिवाय मी आगाऊ पैसे पाठवले नाहीत, कुरिअरने मागवले नाही, वर्ध्याला गाडी बदलून स्वतः दुकानात गेलो आणि वस्तू चालू स्थितीत पाहिली. म्हणजे लोकांना मी जी जी खबरदारी सांगतो ती सगळी घेतली होती.

आता तो क्षण, जो आठवला की आजही रात्री उठून पाणी प्यावे लागते. दुकानदाराने कार्ड प्लास्टिकच्या फुगेवाल्या वेष्टनातून काढले, त्याची मागची पट्टी माझ्याकडे वळवली आणि मॉनिटरची केबल लावायचे तीन पोर्ट बोटाने दाखवले: एचडीएमआय, पांढरा डीव्हीआय आणि टोकाला निळा व्हीजीए. माझा मॉनिटर साडेअठरा इंची, जुना, त्याला व्हीजीएखेरीज दुसरा पोर्टच नाही. येताना बसमध्ये मी हाच हिशेब करत होतो की एचडीएमआयवरून व्हीजीए करणारा कन्व्हर्टर घ्यावा लागेल, आणखी तीन-चारशे जातील. त्यामुळे तो निळा पोर्ट पाहिल्याबरोबर मी अक्षरशः खूश झालो आणि वर स्वतःच म्हणालो, "अरे वा, व्हीजीए पण आहे का!" त्यावर तो म्हणाला, "आहे ना भाऊ, तुमच्यासारख्या जुन्या मॉनिटरवाल्यांसाठीच तर हे मॉडेल आहे." खऱ्या जीटीएक्स १०५० टीआयमध्ये, जे ऑक्टोबर २०१६ मध्ये बाजारात आले, ज्या पिढीची चिप आहे त्या पिढीतून एनव्हिडियाने ॲनालॉग सिग्नलच काढून टाकला होता, आणि व्हीजीए तर ॲनालॉग सिग्नलवरच चालतो. म्हणजे तो निळा पोर्ट त्या कार्डावर असण्याचे काही कारणच नव्हते. चोराने स्वतःच्या हाताने पुरावा माझ्यापुढे धरला आणि मी त्याचे आभार मानले.

तेवढ्यावरही मी सुटलो असतो, कारण दुसरी खूणही समोरच होती. कार्डाच्या कडेला सहा पिनांचे वीजजोडणीचे खोबण होते. खरे कार्ड ७५ वॅटचे, तेवढी वीज मदरबोर्डच्या स्लॉटमधूनच मिळते, म्हणून त्याच्या बहुतेक मॉडेलांना वेगळी जोडणी लागत नाही. मी विचारले, तर उत्तर आले, "हे ओव्हरक्लॉक मॉडेल आहे, जास्त ताकदीचं." माझ्या जुन्या एसएमपीएसमध्ये, म्हणजे संगणकाला वीज पुरवणाऱ्या डब्यात, तशी पिनच नव्हती, म्हणून त्याने तिथल्या तिथे ४५० वॅटचा एसएमपीएस २,१५० रुपयांना माझ्या गळ्यात मारला. कार्डाचे घासाघीस करून ५,८०० ठरले. भाव पाडला म्हणून मलाच शहाणपण वाटले! त्याने कार्ड लावून विंडोजमध्ये नाव दाखवले, ४ जीबी दाखवले, एक व्हिडिओ चालवला. गेम चालवून दाखवला नाही आणि मी मागितलाही नाही. ज्या कामासाठी वस्तू घेता तेच काम दुकानात उभे राहून करून घ्या, व्हिडिओ तर कुठल्याही संगणकावर चालतो.

निघताना त्याने ड्रायव्हरचा, म्हणजे कार्ड चालवणाऱ्या सॉफ्टवेअरचा, एक पेनड्राइव्ह दिला आणि बजावले, "ड्रायव्हर यातलाच टाका, नेटवरून अपडेट करू नका, स्क्रीनला प्रॉब्लेम येते." विक्रेता जेव्हा कंपनीचा ड्रायव्हर टाकू नका म्हणतो, तेव्हा तिथेच पिशवी खाली ठेवून परत फिरावे.

घरी आल्यावर चार रात्री कशा गेल्या ते सविस्तर सांगतो, कारण ही लक्षणे दिसली की मॉनिटरला, केबलला आणि नशिबाला दोष देत बसू नये. गेम व्यवस्थित इन्स्टॉल झाला, शेवटी गेमला लागणाऱ्या डायरेक्टएक्सच्या फाइलीही बसल्या, मेनू दिसला. शेत उघडताच पडदा काळा आणि पाठीमागे ट्रॅक्टरचा आवाज मात्र सुरू. मी मानले की गेमने मोठे रिझोल्यूशन धरले आणि जुना मॉनिटर ते पेलत नाही, कारण मध्येच मॉनिटरवर "आउट ऑफ रेंज" अशी पाटीही फिरत होती. म्हणून गेमच्या सेटिंगच्या फाइलीत जाऊन रिझोल्यूशन १३६६ बाय ७६८ केले, फुल स्क्रीन काढून खिडकीत चालवले. पाटी गेली, पण आता शेताच्या जागी हिरवे-जांभळे पट्टे आले आणि मग सगळे गोठले. पुढच्या रात्री लाईन रात्री साडेअकराला आली. मोबाइलच्या नेटवरून एनव्हिडियाचा खरा ड्रायव्हर उतरवला, सेफ मोडमध्ये जाऊन जुना ड्रायव्हर पूर्ण पुसला, नवा टाकला, आणि अर्ध्यातच पडदा काळा झाला तो परत आलाच नाही. कार्ड काढून मदरबोर्डच्या पोर्टवर मॉनिटर लावला, पुन्हा सगळे केले, तेव्हा डिव्हाइस मॅनेजरमध्ये कार्डाच्या नावापुढे पिवळा त्रिकोण आणि "कोड ४३" आला, म्हणजे बिघाड दिसला म्हणून विंडोजने कार्ड बंद केले. तालुक्याच्या मेकॅनिकला ५०० रुपये दिले, त्याने विंडोज नव्याने टाकली व "मॉनिटर गेला तुमचा" असे निदान केले. मॉनिटर आजही ठणठणीत आहे, त्याच्यावरच हे टाइप करत आहे.

शेवटी पुतण्याने जीपीयू-झेड नावाचे छोटे, फुकटचे सॉफ्टवेअर टाकले. २०१८ च्या २.१२ या आवृत्तीपासून ते अशी नकली एनव्हिडिया कार्डे ओळखते. उघडल्याबरोबर कार्डाच्या नावाआधी कंसात "फेक" असा शब्द आला. दोन मिनिटांचे काम होते. हे सॉफ्टवेअर पेनड्राइव्हवर घेऊन दुकानात गेलो असतो तर हा लेख लिहावा लागला नसता. नंतर आम्ही कार्डाचा पंखा खोलला, वाळलेली पेस्ट पुसली तेव्हा चिपवर जीएफ१०६ अशी अक्षरे निघाली. ही २०१० च्या जीटीएस ४५० या कार्डाची चिप. त्या पिढीसाठी खेळांचे नवे ड्रायव्हर काढणे कंपनीने २०१८ मध्येच बंद केले आहे. कार्डाच्या बायोसमध्ये, म्हणजे कार्डातच साठवलेल्या मूळ प्रोग्राममध्ये, खोटे नाव आणि खोटी मेमरी लिहून ठेवलेली असते, विंडोज बिचारी कार्ड जे सांगेल तेच दाखवते. खरा ड्रायव्हर त्या नावावर विश्वास ठेवून नव्या चिपची भाषा बोलायला जातो आणि पडदा काळा होतो. विदर्भातल्या कास्तकाराला हे वेगळे समजावून सांगायला नको: पाकीट नामांकित कंपनीचे, आत बोगस सरकी, आणि कळते केव्हा, तर पेरल्यावर.

नवव्या दिवशी पुन्हा नागपूर गाठले. जाण्यायेण्याचे भाडे आणि चहापाणी मिळून प्रत्येक खेपेला ५६० रुपये. दुकानदाराने कच्चे बिल पुढे केले: "ग्राफिक कार्ड, १ नग, टेस्टिंग वॉरंटी ७ दिवस." मॉडेलचे नाव कुठेच नाही! ते बिल मी घेताना वाचले होते, वाचूनच घडी घालून खिशात ठेवले होते. पैसेही दुकानाच्या नावावर नव्हे, कुणा तिसऱ्याच माणसाच्या यूपीआयवर गेलेले. बिलावर मॉडेल आणि अनुक्रमांक लिहून घेतल्याशिवाय पैसे सोडू नका, आणि स्कॅन केल्यावर कुणाचे नाव येते ते वाचा. "पाहिजे तर ८०० ला परत घेतो," असे तो वर म्हणाला.

कार्ड ५,८००, एसएमपीएस २,१५०, मेकॅनिक ५००, दोन खेपा १,१२०. एकूण ९,५७० रुपये, केंद्र बंद राहिले ते वेगळेच.

आता आपल्या यंत्रणेविषयी. आमच्या ठाण्यात गेलो, तर जमादाराने आधी विचारले, "गेम खेळाले घेतलं होतं काय?" आणि मग, चार लोकांसमोर, "तुम्ही तर कम्प्युटरवाले ना भाऊ, मंग तुम्हाले कसं नाही समजलं?" हसणाऱ्यांत ज्याचा मुलगा माझ्याकडे शिष्यवृत्तीचा अर्ज भरतो तोही होता. मग सांगण्यात आले की व्यवहार नागपूरला झाला, तिकडे जा. मी नम्रपणे म्हणालो की १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ प्रमाणे गुन्हा कोणत्या हद्दीत घडला हे न पाहता माहिती नोंदवून घ्यायची असते आणि फसवणुकीसाठी न्याय संहितेत कलम ३१८ आहे. यावर "कायदा आम्हाले शिकवू नका" हे ठरलेले उत्तर मिळाले. शहरातल्या ठाण्याला फोन लावला तर ते म्हणाले, पैसे यूपीआयने दिले ना, मग सायबरला जा. सायबरवाल्यांनी ऐकून घेतले आणि सांगितले की तुम्ही स्वतः दुकानात जाऊन, वस्तू पाहून, स्वखुशीने पैसे दिले, हा सायबर गुन्हा होत नाही, आपल्या ठाण्यात जा. म्हणजे मी पुन्हा त्याच जमादारापुढे. त्याने अर्ज ठेवून घेतला, पोच दिली नाही, पोच मागितली तेव्हा शिक्का साहेबांच्या कपाटात असल्याचे कळले, आणि साहेब बंदोबस्तात होते. तीनदा गेलो, तिन्ही वेळा साहेब बंदोबस्तात. कलम १७३ मध्येच लिहिल्याप्रमाणे अधीक्षकांना टपालाने अर्ज धाडला. टपालखात्याची पोच आली, अधीक्षकांचे उत्तर आजवर नाही. नऊ हजारांची रक्कम कुणाला मोठी वाटत नाही, हे मला समजते. पण आमच्याकडे क्विंटलभर कापूस विकून जे हातात येते त्याहून ती जास्त आहे, आणि ज्या माणसाने मला फसवले तो असे दिवसाला किती जणांना विकतो, हा प्रश्न एकाही टेबलावर कुणी विचारला नाही.

तेव्हा ठाण्याच्या भरवशावर राहू नका. १९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवून क्रमांक घ्या. पाच लाखांपर्यंतच्या खरेदीला जिल्हा ग्राहक आयोगात शुल्क लागत नाही, आणि २०१९ च्या कायद्यामुळे तक्रार आपण राहतो त्या जिल्ह्यात करता येते, त्यासाठी दोन वर्षांची मुदत असते. मी केली आहे. कच्चे बिल, जीपीयू-झेडचा फोटो, चिपचा फोटो आणि यूपीआयची पावती एवढाच माझा पुरावा आहे. पंखा खोलण्याआधी व्हिडिओ काढायला हवा होता, तोही काढला नाही. आता समोरचा म्हणणार की चिप यानेच बदलली.

शेजारच्या गावातल्या त्या मुलाचे कार्ड मी पिशवीतून काढले तेव्हा आधी मागची पट्टी वळवून पाहिली. निळा पोर्ट होता. त्याला ६,००० ला मिळाले होते, त्याच दुकानातून. आम्ही दोघांनी बसून ॲप उघडले, तर जाहिरात अजून होती आणि किंमत ५,५०० झाली होती. फोटोतही पोर्ट स्वच्छ दिसत होता. आम्ही दोघांनीही ॲपवर तक्रार केली. दुसऱ्या दिवशी जाहिरात निघाली आणि चौथ्या दिवशी वेगळ्या नावाने, त्याच फोटोसह परत लागली.